आदेश मिळाला, अंमल झाला नाही : अधिकाऱ्यांविरुद्धच्या अवमान याचिकेची तयारी, क्रम आणि नेहमीच्या चुका

नागपूर खंडपीठाचा आदेश घेऊन माणूस तालुक्याच्या गावी परततो, त्याची झेरॉक्स साहेबांच्या टेबलावर ठेवतो, साहेब ‘बघतो’ म्हणतात आणि पुढचे दीड वर्ष हेलपाट्यांत जाते. मग कोणीतरी सुचवते की आता कंटेम्प्ट टाका. तोवर कायद्याने दिलेली एक वर्षाची मुदत उलटून गेलेली असते, ज्या अधिकाऱ्याच्या हातात प्रत दिली त्याची बदली झालेली असते आणि प्रत दिल्याची पोच कोणाकडेच नसते. अवमान याचिका न्यायालयात उभी राहण्यापूर्वीच ती टिकणार की पडणार हे बहुतेक ठरलेले असते, म्हणून या लेखात दाखल करण्यापूर्वीच्या पायऱ्यांना अधिक जागा दिली आहे.

येथे विषय फक्त दिवाणी अवमानाचा आहे. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २(ब) नुसार न्यायालयाचा निवाडा, हुकूमनामा, निदेश किंवा आदेश बुद्धिपुरस्सर न पाळणे, किंवा न्यायालयाला दिलेली हमी बुद्धिपुरस्सर मोडणे, म्हणजे दिवाणी अवमान. फौजदारी अवमानासाठी महाधिवक्त्यांची संमती लागते, तशी ती येथे लागत नाही.

पायरी १ : आदेश नेमके काय सांगतो ते वाचून घ्या

निकालपत्राची पंधरा पाने असली तरी अवमानाच्या दृष्टीने महत्त्वाचा असतो तो शेवटचा भाग, ज्यात कोणी काय करायचे हे सांगितलेले असते. आधीच्या पानांत न्यायमूर्तींनी खात्यावर कितीही कडक ताशेरे ओढले असले, तरी शेवटच्या भागात जे करायला सांगितले नाही ते न केल्याबद्दल अवमान होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने सुधीर वासुदेव विरुद्ध एम. जॉर्ज रविशेखरन या २०१४ च्या प्रकरणात हे स्पष्ट केले आहे की अवमानाची सुनावणी घेणाऱ्या न्यायालयाला मूळ आदेशाच्या चौकटीबाहेर जाता येत नाही. आदेश इंग्रजीत असतो, त्यामुळे तो वकिलाकडून ओळीने मराठीत समजून घ्यावा. ‘आपण जिंकलो’ एवढे ऐकून घरी परतू नये.

आपल्या भागात येणारे आदेश साधारण तीन प्रकारचे असतात. पहिल्या प्रकारात थेट कृती सांगितलेली असते, उदाहरणार्थ जात पडताळणी समितीने याचिकाकर्त्याला अमुक आठवड्यांत वैधता प्रमाणपत्र द्यावे. दुसऱ्या प्रकारात निर्णय घेण्यास सांगितलेले असते, म्हणजे निवेदनावर आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा, एवढेच. तिसऱ्या प्रकारात मनाई किंवा स्थगिती असते. सर्वाधिक गैरसमज दुसऱ्या प्रकाराबाबत आहे, आणि त्यातून दाखल झालेल्या याचिका सर्वाधिक पडतात.

समजा, जिल्हा परिषदेच्या एका निवृत्त शिक्षकाने वेतननिश्चितीच्या फरकासाठी रिट याचिका केली आणि न्यायालयाने शिक्षणाधिकाऱ्यांना त्याच्या निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घेण्यास सांगितले. सातव्या आठवड्यात निवेदन कारणे देऊन फेटाळले गेले. शिक्षकाला वाटते की न्यायालयाचा आदेश धुडकावला गेला. कायद्याच्या दृष्टीने मात्र आदेश पाळला गेला आहे. फेटाळणारा निर्णय चुकीचा असेल तर त्यातून नवे वादकारण उभे राहते आणि त्याला नव्याने आव्हान द्यावे लागते. जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर या १९९६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले आणि आजही सरकारी वकील पहिल्याच तारखेला तो निकाल पुढे करतात.

याला एक महत्त्वाची बाजू आहे. न्यायालयाने एखादे कारण तपासून ते आधीच नामंजूर केले असेल आणि अधिकाऱ्याने नेमके तेच कारण देऊन पुन्हा नकार दिला असेल, तर तो निर्णय केवळ पालनाचा देखावा आहे असे म्हणता येते. अशा वेळी दोन्ही कागद, म्हणजे निकालातील तो परिच्छेद आणि नकाराच्या पत्रातील ते वाक्य, शेजारी ठेवून वकिलाला दाखवावेत.

तपासणी : एका कोऱ्या कागदावर कोणी करायचे, काय करायचे, किती दिवसांत आणि ते दिवस कोणत्या तारखेपासून, ही चार उत्तरे आदेशाच्या शब्दांत लिहावीत. त्यातली ‘कोणी’ किंवा ‘काय’ ही जागा रिकामी राहिली किंवा तिचे दोन अर्थ निघाले, तर अवमानाच्या मागे न लागता त्याच न्यायालयात आदेशाच्या स्पष्टीकरणासाठी अर्ज करावा. संदिग्ध आदेशाचा जो अर्थ अधिकाऱ्याने घेतला तोही शक्य असेल, तर त्याला अवमानाबद्दल शिक्षा होत नाही.

पायरी २ : अवमान की दरखास्त, आणि कोणत्या न्यायालयात

विदर्भाच्या अकराही जिल्ह्यांतील प्रकरणे मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे जातात, आणि खंडपीठाचा आदेश मोडला गेला असेल तर अवमान याचिकाही तेथेच होते. आदेश दुसऱ्या कोणाचा असेल तर मात्र थांबून विचार करावा.

दिवाणी न्यायालयाने पैशाचा हुकूमनामा दिला असेल तर मार्ग दरखास्तीचा, म्हणजे हुकूमनाम्याच्या बजावणीसाठीच्या अर्जाचा आहे. धरणाच्या किंवा कालव्याच्या भूसंपादनात वाढीव मोबदला मंजूर होऊनही रक्कम जमा होत नाही, ही गोष्ट गोसीखुर्दपासून निम्न पैनगंगेपर्यंतच्या प्रकल्पग्रस्तांना सांगावी लागत नाही. पण त्यावर उपाय म्हणून अवमान याचिका करणे म्हणजे चुकीच्या दाराशी उभे राहणे आहे. सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्याची रक्कम तीन महिन्यांत भरली गेली नाही तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८२ नुसार त्याची बजावणी मागता येते, आणि त्यातूनच कार्यालयाच्या गाड्या, खुर्च्या, संगणक यांच्या जप्तीचे वॉरंट निघते. दरखास्तीची मुदत बारा वर्षांची असते, परंतु एखादी कृती करण्यास भाग पाडणाऱ्या आज्ञार्थी मनाई हुकूमनाम्यासाठी ती फक्त तीन वर्षांची आहे.

दिवाणी न्यायालयाचा तात्पुरता मनाई हुकूम मोडला गेला असेल तर त्याच न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम २अ खाली अर्ज करावा. कायम मनाईच्या हुकूमनाम्यासाठी आदेश २१ नियम ३२ आहे. खालच्या न्यायालयांच्या अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार न्यायालय अवमान अधिनियमाच्या कलम १० नुसार उच्च न्यायालयाला असला, तरी जेथे त्याच न्यायालयात पुरेसा उपाय आहे तेथे उच्च न्यायालय बहुधा परत पाठवते आणि त्यात आठ-दहा महिने वाया जातात.

मॅटचा, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा आदेश मोडला गेला असेल तर राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांनी त्याची तक्रार मॅटच्याच नागपूर खंडपीठात करावी. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम १७ ने त्याला अवमानाचे अधिकार दिले आहेत. जिल्हा परिषदेचे शिक्षक आणि कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. वनविभाग किंवा सार्वजनिक बांधकाम खात्यातील रोजंदारी कामगारांना औद्योगिक न्यायालयाने दिलेल्या आदेशासाठी १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा अधिनियमाचे कलम ४८ पाहावे, तर ग्राहक आयोगाच्या आदेशासाठी २०१९ च्या ग्राहक संरक्षण अधिनियमाची कलमे ७१ आणि ७२.

सावधान : पांदण रस्ता किंवा धुऱ्यावरची वहिवाट मोकळी करण्याचा तहसीलदारांचा आदेश हा उच्च न्यायालयाचा आदेश नाही. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खालील आदेशाचा अंमल आधी त्याच तहसीलदारांकडे लेखी मागावा. ते काहीच करत नसतील तर रिट याचिका करून उच्च न्यायालयाचा निदेश मिळवावा, आणि तो निदेशही पाळला गेला नाही तरच अवमानाचा प्रश्न येतो.

पायरी ३ : आदेशाची प्रत मिळवा आणि पोच घेऊन बजावा

अवमानासाठी अधिकाऱ्याला आदेश माहीत होता हे सिद्ध व्हावे लागते. अवमानाची कार्यवाही फौजदारीसारखी असल्यामुळे संशयाचा फायदा समोरच्याला मिळतो. ‘साहेबांना मी स्वतः सांगितले होते’ हे खरे असले तरी उपयोगाचे नसते.

आदेश झाल्यावर लगेच नकलेसाठी अर्ज करावा. संकेतस्थळावरील प्रत आधी पाठवायला हरकत नाही, विशेषतः स्थगितीच्या बाबतीत, जेथे उद्या सकाळी जेसीबी येणार असतो. पण मागून प्रमाणित प्रत पाठवलीच पाहिजे. प्रतीसोबत एक पानाचे पत्र जोडावे. त्यात याचिकेचा क्रमांक, आदेशाची तारीख, आदेशातील निदेशाचे शब्द, मुदत कोणत्या दिवशी संपते ती तारीख आणि आपला पत्ता व दूरध्वनी क्रमांक असावा. पत्रात धमकी किंवा उपदेश नको, कारण हेच पत्र पुढे न्यायमूर्तींच्या समोर जाणार आहे.

हे पत्र आदेशात ज्यांची नावे किंवा पदे आहेत त्या प्रत्येकाला स्वतंत्रपणे द्यावे. प्रतिवादी क्रमांक एक म्हणून मंत्रालयातील सचिव असतील तर त्यांनाही पाठवावे; गावच्या तलाठ्याला किंवा ग्रामसेवकाला देऊन ते ‘वर पोहोचेल’ असे समजू नये. जिल्हाधिकारी कार्यालयात ते बारनिशीत, म्हणजे आवक-जावक टेबलावर द्यावे आणि आपल्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक, तारीख आणि सही घ्यावी. शिक्का असतो पण त्यावर तारीख उमटलेली नसते, किंवा सहीच्या जागी नुसती रेघ असते, अशा पोचा मी भरपूर पाहिल्या आहेत. त्या तेथेच दुरुस्त करून घ्याव्यात. पोच नाकारली तर वाद न घालता त्याच दिवशी टपालाने पाठवावे. १ सप्टेंबर २०२५ पासून रजिस्टर पोस्ट ही सेवा स्पीड पोस्टमध्ये विलीन झाली आहे, म्हणून स्पीड पोस्टाने पाठवताना पोहोच पुरावा मागावा, पावती जपावी आणि संकेतस्थळावरील वितरणाची नोंद छापून ठेवावी, कारण ती काही काळाने दिसेनाशी होते. कार्यालयाच्या अधिकृत ई-मेलवरही प्रत पाठवावी.

सावधान : मधल्या काळात अधिकारी बदलला तर नव्या अधिकाऱ्याला पुन्हा प्रत द्यावी. आदेश पदाला लागू होतो, पण शिक्षा माणसाला होते, आणि ‘मी रुजू झालो तेव्हा हे प्रकरण माझ्या निदर्शनास आणले गेले नाही’ हे उत्तर फार वेळा चालून जाते.

पायरी ४ : दिवस मोजा

येथे चुकले की मागचे सगळे व्यर्थ जाते. न्यायालय अवमान अधिनियमाच्या कलम २० नुसार अवमान घडल्याच्या तारखेपासून एक वर्षानंतर कार्यवाही सुरू करता येत नाही. पल्लव शेठ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये सांगितल्यानुसार याचिका वर्षाच्या आत दाखल झालेली असणे पुरेसे आहे. न्यायालयाने नोटीसही त्याच वर्षात काढावी अशी अट नाही.

वर्ष आदेशाच्या तारखेपासून मोजायचे नसते. ते आदेश पाळण्याची मुदत संपून गेल्यावर सुरू होते. म्हणून मुदत कोणत्या तारखेपासून धावते हे पाहावे लागते. आदेश १० जानेवारी २०२५ चा आहे, मुदत सहा आठवड्यांची आहे आणि कार्यालयाला प्रत २७ जानेवारीला मिळाली, असे धरू. आदेशात ‘आजपासून सहा आठवडे’ असे असेल तर मुदत २१ फेब्रुवारीला संपते. ‘प्रत मिळाल्यापासून सहा आठवडे’ असे असेल तर ती १० मार्चला संपते आणि अवमान ११ मार्चपासून धरला जातो. पहिल्या प्रकारात वर्ष २१ फेब्रुवारी २०२६ च्या आसपास संपेल, दुसऱ्या प्रकारात १० मार्च २०२६ च्या आसपास. शंका असेल तेव्हा आधीची तारीख धरावी आणि शेवटच्या महिन्यावर काहीच ठेवू नये, कारण वकीलपत्र, शपथपत्र आणि नकला जमवण्यातच तीन आठवडे जातात. त्यात कापूस वेचणीचे किंवा पेरणीचे दिवस आले तर नागपूरची फेरी पुढे ढकलली जाते ती जातेच.

आदेशात मुदतच लिहिलेली नसेल तर वाजवी काळ धरला जातो. अशा वेळी पायरी ३ मधील पत्रातच वाजवी मुदत नमूद करावी, म्हणजे मोजायला एक निश्चित तारीख मिळते. त्या तारखेलाच वर्षाचा आरंभ समजून निर्धास्त राहू नये. दाखल करण्याचा हिशेब शक्य तितका लवकरचा ठेवावा.

नेहमीची चूक : स्मरणपत्रे पाठवत राहिल्याने मुदत वाढत नाही. पाच स्मरणपत्रे आणि दोन वर्षे झाल्यावर ‘पत्रव्यवहार चालू होता’ हे कारण टिकत नाही. ‘रोज आदेश मोडला जातो आहे, म्हणून मुदत लागूच होत नाही’ हा युक्तिवादही सरसकट चालत नाही. एकदाच घडून परिणाम मागे ठेवणारी चूक आणि प्रत्यक्ष चालू राहणारी चूक यांतला फरक सर्वोच्च न्यायालयाने एस. तिरुपती राव विरुद्ध एम. लिंगमय्या या २०२४ च्या निकालात तपासला आहे आणि केवळ परिणाम चालू आहे म्हणून मुदतीतून सुटका होत नाही असे त्याचे तात्पर्य आहे. वर्ष उलटलेच असेल, तर मूळ आदेशाच्या अंमलबजावणीसाठी स्वतंत्र मार्ग उरतो का, हे वकिलाला विचारावे. मूळ हक्क त्याच दिवशी मरत नाही.

पायरी ५ : कार्यालयात काय चालले आहे ते लेखी मिळवा

आधी न्यायालयाच्या नोंदी पाहाव्यात. ई-कोर्ट्सवर प्रकरणाचा सोळा अंकाक्षरी सीएनआर क्रमांक घालून किंवा उच्च न्यायालयाच्या संकेतस्थळावर याचिका क्रमांक घालून सरकारने पुनर्विलोकन अर्ज, मुदतवाढीचा अर्ज किंवा सर्वोच्च न्यायालयात अपील केले आहे का ते तपासावे. नुसते अपील दाखल असणे किंवा ‘अपिलाचा प्रस्ताव विधी व न्याय विभागाकडे आहे’ हे सबब म्हणून चालत नाही; स्थगिती मिळालेली नसेल तर आदेश जिवंत असतो. स्थगिती मिळाली असेल तर मात्र अवमान होत नाही. स्थगितीचा अर्ज सुनावणीला उभा असेल तर न्यायालये सहसा तो आधी निकाली निघू देतात.

त्यानंतर माहितीच्या अधिकाराचा अर्ज करावा. दहा रुपयांच्या या अर्जाने अवमान याचिकेला जेवढे बळ मिळते तेवढे मोठ्या वकिलाच्या भाषणानेही मिळत नाही, असे माझे मत आहे. मागायचे ते असे : आदेशाची प्रत कार्यालयात कोणत्या दिवशी आवक झाली, त्यावर कोणत्या तारखेला कोणती टिपणी झाली, फाइल कोणाकडून कोणाकडे गेली, आणि वरिष्ठांना पाठवलेल्या पत्रांच्या प्रती. ‘आदेश का पाळला नाही’ असा प्रश्न विचारू नये, कारण माहिती अधिकारी कारणे देण्यास बांधील नसतो आणि तेवढ्यावर अर्ज निकाली काढला जातो. उत्तरासाठी तीस दिवस असतात, म्हणून हा अर्ज मुदत संपल्याच्या आठवड्यातच करावा.

टिपण्यांतून दोन गोष्टी कळतात. एक, फाइल नेमकी कोणाकडे अडली. ‘वरिष्ठांकडून मार्गदर्शन मागविले आहे’ हे वाक्य जवळपास प्रत्येक फाइलमध्ये सापडते. मार्गदर्शन मागवून गटशिक्षणाधिकारी मोकळे झाले आणि पत्र जिल्ह्याच्या टेबलावर पडून राहिले, असे दिसले तर गटशिक्षणाधिकाऱ्यांना अवमानात ओढून काही मिळत नाही. दुसरे, उशीर बुद्धिपुरस्सर आहे की निव्वळ ढिलाईचा. आदेशाची प्रत मिळूनही चार महिने एकही टिपणी नसेल, तर तो कोरा कागदच सर्वांत बोलका पुरावा ठरतो.

तपासणी : पुढे जाण्यापूर्वी हाताशी आदेशाची प्रमाणित प्रत, प्रत्येक अधिकाऱ्याची पोच, मुदतीचा हिशेब आणि स्थगिती नसल्याची खात्री असली पाहिजे. माहिती अधिकाराचे उत्तर आले नसेल तर त्याच्यासाठी वर्षाची मुदत गमावू नये.

पायरी ६ : शेवटची नोटीस

वकिलामार्फत नोटीस देणे कायद्याने सक्तीचे नाही, पण द्यावी. पंधरा दिवसांची मुदत पुरे. नोटीस गेल्यावर निम्म्या प्रकरणांत कार्यालय हलते, आणि न हलले तर अधिकाऱ्याला पुरेशी संधी दिली होती हे दाखवता येते. वर्ष संपायला महिनाही उरला नसेल तर नोटिशीच्या फंदात न पडता थेट दाखल करावे.

पायरी ७ : याचिका आणि तिच्यासोबतचे कागद

याचिकेत अधिकाऱ्याचे नाव आणि पदनाम दोन्ही लागते. ‘महाराष्ट्र शासन’ किंवा ‘जिल्हा परिषद’ यांना तुरुंगात पाठवता येत नाही. कोणत्या काळात त्या खुर्चीवर कोण होते हे तारखांसह लिहावे. दहा जणांना प्रतिवादी करण्याचा मोह टाळावा, कारण प्रत्येकाला नोटीस बजावण्यात तारखा जातात आणि ज्याने खरोखर फाइल अडवली तो गर्दीत लपतो. पायरी ५ मधून जो एक किंवा दोघे समोर आले तेवढेच पुरेत.

मजकूर छोटा असावा. आदेश काय होता, तो केव्हा आणि कसा कळवला, मुदत केव्हा संपली, त्यानंतर काय झाले नाही, एवढेच सांगायचे असते. मूळ वादाची सगळी कहाणी, खात्यातील भ्रष्टाचार, पूर्वीच्या साहेबांनी केलेला अपमान, हे सारे बाहेर ठेवावे. अधिकाऱ्याच्या हेतूवर पुराव्याविना केलेला आरोप उलटतो.

कागदपत्रे तारखेच्या क्रमाने लावावीत. मोबाइलवरील छायाचित्रे किंवा संदेश जोडायचे असतील तर १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालील प्रमाणपत्र तयार ठेवावे. उच्च न्यायालयातील कामकाज इंग्रजीत असल्याने मराठी कागदांच्या भाषांतराबाबत वकिलाला आधीच विचारावे. शपथपत्रावर सही करण्यापूर्वी प्रत्येक परिच्छेद मराठीत समजून घ्यावा; त्यातील चुकीच्या विधानाची जबाबदारी सही करणाऱ्यावर असते.

खर्चाचा प्रश्न अनेकांना येथे थांबवतो. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार महिला, अनुसूचित जाती आणि जमातींतील व्यक्ती, दिव्यांग आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळू शकतो; इतरांना उत्पन्नाची अट लागते. अर्ज तालुका विधी सेवा समितीकडे किंवा जिल्हा प्राधिकरणाकडे देता येतो, तेथून तो नागपूरच्या उच्च न्यायालय विधी सेवा उपसमितीकडे जातो. सिरोंच्याच्या किंवा धारणीच्या माणसाला केवळ अर्ज देण्यासाठी नागपूर गाठण्याची गरज नाही.

सावधान : दाखल झाल्यावर कार्यालयीन त्रुटी निघतात. त्या ठरलेल्या दिवसांत दूर केल्या नाहीत तर याचिका सुनावणीला न येताच नामंजूर होऊ शकते. ‘याचिका टाकली आहे’ एवढ्यावर समाधान न मानता दोन आठवड्यांनी वकिलाला त्रुटींबद्दल विचारावे.

पायरी ८ : नोटीस, तारखा आणि अनुपालन शपथपत्र

पहिल्या तारखेला अधिकारी पोलिसांच्या गाडीतून येईल, ही अपेक्षा सोडून द्यावी. न्यायालय बहुतेक वेळा सरकारी वकिलांना माहिती घेण्यास सांगते किंवा कारणे दाखवा नोटीस काढते. सरकारी अधिकाऱ्यांच्या वैयक्तिक हजेरीबाबत सर्वोच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२४ रोजी कार्यपद्धती घालून दिली आहे. तिच्यानुसार हजेरी अपवादात्मक स्थितीतच मागवायची असून, तीही शक्यतो दूरचित्रसंवादाने, आणि अवमानातही आधी नोटीस देऊन उत्तर मागवणे अपेक्षित आहे. तुम्हालाही प्रत्येक तारखेला नागपूरला जावे लागत नाही. वकील हजर असला की पुरते.

नोटीस निघाली की प्रोसेस फी लगेच भरावी आणि परवानगी असेल तर हमदस्त बजावणी मागावी, म्हणजे नोटीस स्वतः नेऊन देता येते. फी न भरल्यामुळे सहा महिने नोटीसच न निघाल्याची प्रकरणे दुर्मीळ नाहीत.

या टप्प्यावर बरेचदा खरे काम होते : अधिकारी आदेश पाळतो आणि अनुपालन शपथपत्र सादर करतो. ते वाचताना पायरी १ मधील कागद समोर ठेवावा आणि प्रत्येक निदेश ओळीने तपासावा. पांदण रस्ता मोकळा केल्याचा पंचनामा जोडलेला असतो, पण पंचांच्या सह्या गावातल्या कोणाच्या आहेत, पंचनाम्याची तारीख कोणती आणि वावरात प्रत्यक्ष बैलगाडी जाते का, हे पाहणारे तुम्हीच असता. थकबाकीच्या बाबतीत मुद्दल दिले आणि आदेशातील व्याज वगळले, ही नेहमीची तऱ्हा आहे. तफावत असेल तर पुढच्या तारखेपूर्वी प्रत्युत्तराचे शपथपत्र द्यावे. तोंडी सांगितलेले नोंदीत येत नाही.

शिक्षेबद्दलही अपेक्षा नेमकी ठेवावी. न्यायालय अवमान अधिनियमाच्या कलम १२ नुसार कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद, किंवा दोन हजार रुपये दंड, किंवा दोन्ही. दिवाणी अवमानात दंड पुरेसा नाही असे वाटले तरच कैदेचा विचार होतो, आणि न्यायालयाचे समाधान होईल अशी माफी मागितली तर शिक्षा माफही होऊ शकते. नुकसानभरपाईसाठी हा मार्ग नाही. आदेश अमलात यावा म्हणून दबाव, एवढाच त्याचा उपयोग धरून चालावे.

सावधान : याचिका चालू असताना ‘साहेब आता जेलात’ असे संदेश गावाच्या ग्रुपवर टाकू नयेत, आणि कार्यालयात जाऊन अधिकाऱ्याशी बाचाबाची करू नये. शासकीय कामात अडथळा आणल्याचा गुन्हा नोंदवला गेला की न्यायालयात चर्चेचा विषय बदलतो.

पायरी ९ : याचिका निकाली निघताना

बहुतांश अवमान याचिका शिक्षेवाचून निकाली निघतात. सरकारी वकील उभे राहून सांगतात की चार आठवड्यांत पालन करू, आणि न्यायालय याचिका निकाली काढते. या क्षणी वकिलाला आधीच सांगून ठेवावे की हे निवेदन न्यायालयाला दिलेली हमी म्हणून, तारखेसह आणि कोणत्या अधिकाऱ्याच्या सूचनेवरून दिले त्याच्या नावासह, आदेशात नोंदवून घ्यावे आणि पालन न झाल्यास याचिका पुन्हा उभी करण्याची मुभा मागावी. हमी मोडणे हा स्वतंत्र अवमान आहे. नुसते निवेदन मोडल्यावर मात्र नव्याने वाद घालावा लागतो. कार्यालयात कोणी गोड बोलून याचिका मागे घ्यायला सांगितले तर काम पूर्ण होऊन कागद हातात पडेपर्यंत सही करू नये.

न्यायालयाने कार्यवाही बंद केली किंवा अधिकाऱ्याला निर्दोष ठरवले तर न्यायालय अवमान अधिनियमाच्या कलम १९ खाली याचिकाकर्त्याला अपील नाही; ते कलम शिक्षा झालेल्यासाठी आहे, हे मिदनापूर पीपल्स सहकारी बँकेच्या २००६ च्या निकालात स्पष्ट झाले आहे. संविधानाच्या अनुच्छेद १३६ खाली सर्वोच्च न्यायालयात जाण्याचा मार्ग तेवढा उरतो.

निकाली काढण्याच्या आदेशाची प्रमाणित प्रत त्याच आठवड्यात काढावी, तिच्यातील नवी तारीख वहीत लिहावी आणि ती प्रत घेऊन पुन्हा बारनिशीत जाऊन शिक्का, आवक क्रमांक, तारीख आणि सही घ्यावी. एक वर्षाची मोजणी त्या नव्या तारखेपासून पुन्हा सुरू होते.